पेशींची वेसण

श्रोतेहो, आजच्या भाषणाचा आरंभ मी एका अगदीं घरगुती दृश्यापासून करणार आहें. सायंकाळीं घरांत दिवे लागलेले आहेत, आई तान्ह्या मुलाला मांडीवर घेऊन बसली आहे, आणि दिव्याचा उजेड मुलाच्या तोंडावर तिरपा पडतांच तिला त्याच्या एका डोळ्याच्या बाहुलींत पांढरी झांक दिसते. अंधारांत मांजराचा डोळा चमकावा तशी ती क्षणभर चमकते व नाहींशी होते. मूल हंसत असतें, दूध पीत असतें, त्याला कसलीहि वेदना नसते. त्यामुळें आईच्या मनांत शंका आली तरी ती बोलून दाखवण्यास ती धजत नाहीं. आणि बोललीच तर उजेडाचा भास असेल असें म्हणून घरांतील वडील माणसें तिची समजूत घालतात. पुष्कळदां तो खरोखरच भास असतो, किंवा मोतीबिंदूसारखा दुसरा एखादा विकार असतो. परंतु कधीं कधीं ती झांक म्हणजे डोळ्याच्या आंतल्या पडद्यावर उगवलेल्या कर्करोगाची पहिली खूण असते. या रोगाला रेटिनोब्लास्टोमा असें नांव आहे.

रोग दुर्मिळ आहे. सुमारें पंधरा ते वीस हजार जन्मांमागें एखाद्याच मुलाला तो होतो, आणि बहुधा वयाच्या पहिल्या पांच वर्षांतच होतो. असें असूनहि कर्करोगविषयक ज्ञानाच्या इतिहासांत या दुर्मिळ रोगाला जें स्थान मिळालें आहे, तें घरोघर ठाऊक असलेल्या मोठमोठ्या रोगांनाहि मिळालेलें नाहीं. आपणां प्रत्येकाच्या शरीरांत कर्करोगाला आवरून धरणारीं जनुकें असतात, या गोष्टीचा खात्रीलायक पुरावा माणसाच्या हातीं आला तो या लहान मुलांच्या डोळ्यांवरून. तो कसा आला, याची हकीकत आज सांगावयाची आहे.

प्रथम थोडी पूर्वतयारी करूं. आपलें शरीर अब्जावधि सूक्ष्म पेशींचें बनलेलें आहे. बहुतेक प्रत्येक पेशीच्या गाभ्यांत गुणसूत्रांच्या तेवीस जोड्या असतात. जोडींतील एक गुणसूत्र आईकडून व दुसरें बापाकडून आलेलें असतें. या गुणसूत्रांवर जनुकें असतात, म्हणजे पेशीनें कोणतीं प्रथिनें कशीं घडवावीं याच्या जणूं लेखी आज्ञाच असतात. गुणसूत्रांच्या जोड्या असल्यामुळें बहुतेक प्रत्येक आज्ञेच्या दोन प्रती आपल्याजवळ असतात. ही दोन प्रतींची गोष्ट श्रोत्यांनीं ध्यानांत ठेवावी. पुढील सारें कथानक तिच्यावरच उभें आहे.

भाजी चिरतांना बोट कापतें. थोड्याच वेळांत जखमेच्या कडेच्या पेशी जाग्या होतात, वाढूं लागतात, नवी त्वचा तयार होते, आणि दोन्ही कडा एकमेकींस भिडल्या कीं वाढ थांबते. जखम भरली याचें आपणांस समाधान वाटतें. ती भरल्यावर वाढ थांबली याचें नवल मात्र वाटत नाहीं. वास्तविक नवल तेंच आहे. वाढणें हा जीवमात्राचा धर्मच होय. योग्य वेळीं थांबणें, शेजारणीची जागा न बळकावणें, आणि प्रसंग पडल्यास सर्वांच्या हितासाठीं मरून जाणें, ही शिस्त आपल्या पेशी जन्मभर पाळीत असतात. कर्करोग म्हणजे ही शिस्त मोडलेल्या एका पेशीची प्रजा.

शिस्त मोडते कशानें? भर रस्त्यांत बैल उधळला तर त्याचीं कारणें दोन असूं शकतात. कोणी त्याला पराणी टोचली असेल, किंवा त्याची वेसण तुटली असेल. पेशीच्या बाबतींतहि शास्त्रज्ञांपुढें हेच दोन तर्क होते. तिला बाहेरून किंवा आंतून कोणी डिवचतें काय, कीं तिला आवरणारें कांहीं तिच्याजवळून नाहींसें होतें?

दुसरा तर्क सर्वांत आधीं स्पष्टपणें मांडला तो थिओडोर बोव्हेरी या जर्मन प्राणिशास्त्रज्ञांनीं. ते व्युर्झबुर्ग येथील विद्यापीठांत प्राध्यापक होते. सी-अर्चिन नांवाच्या काटेरी सागरी प्राण्याच्या अंड्यांवर त्यांनीं वर्षानुवर्षें प्रयोग केले. एका अंड्यांत दोन शुक्रजंतु शिरले तर पुढील विभागणींत गुणसूत्रांची वांटणी बिघडते. कोणा पेशीला अधिक, कोणा पेशीला उणीं गुणसूत्रें मिळतात, आणि त्या पेशींची पुढची वाढ विपरीत होते, असें त्यांना दिसून आलें. यावरून १९१४ सालीं प्रसिद्ध केलेल्या एका छोट्या ग्रंथांत त्यांनीं असें लिहिलें कीं, निरोगी पेशींत विभागणीला आवरणारी कांहीं योजना असावी, ती गुणसूत्रांशीं निगडित असावी, आणि तीं गुणसूत्रें हरवल्यास पेशी अनावर होत असावी. पुढच्याच वर्षीं बोव्हेरी वारले. त्यांच्या पत्नी मार्सेला या अमेरिकन असून स्वतः जीवशास्त्रज्ञ होत्या. त्यांनीं १९२९ सालीं या ग्रंथाचें इंग्रजी भाषांतर प्रसिद्ध केलें. तर्क फार दूरदृष्टीचा होता, परंतु तो पडताळून पाहण्याचीं साधनें त्या काळीं कोणाजवळच नव्हतीं. मानवी पेशींत गुणसूत्रें सेहेचाळीस असतात ही गोष्टदेखील १९५६ पर्यंत निश्चित झालेली नव्हती.

मध्यंतरीं पराणीचा शोध मात्र जोरानें चालू राहिला. न्यूयॉर्क येथील पेटन राऊस यांनीं १९११ सालीं दाखवून दिलें कीं, कोंबडीच्या एका प्रकारच्या गांठीचा रस गाळून निरोगी कोंबडीला टोंचला तर तिलाहि तशीच गांठ येते. त्या रसांत एक विषाणु होता. या शोधाची किंमत जगाला कळण्यास इतका काळ लागला कीं, राऊस यांना नोबेल पारितोषिक मिळालें तें १९६६ सालीं. त्यानंतर दहा वर्षांनीं मायकेल बिशप व हॅरॉल्ड व्हार्मस यांच्या प्रयोगशाळेंतून त्याहूनहि विलक्षण गोष्ट बाहेर आली. राऊस यांच्या विषाणूंतील रोगकारक जनुक हें मुळांत कोंबडीच्याच निरोगी पेशींतून उचललेलें होतें. पेशीला वाढीची प्रेरणा देणारीं जनुकें आपल्याजवळ जन्मतःच असतात; तीं बिघडलीं म्हणजे वाढीची प्रेरणा थांबत नाहीं. असलीं जनुकें पुढें एकामागून एक सांपडूं लागलीं, आणि कर्करोगाचें सारें रहस्य पराणींतच आहे असें पुष्कळांस वाटूं लागलें.

यांत आश्चर्य नाहीं. घरांत एखादी परकी वस्तु येऊन पडली तर ती लगेच नजरेस भरते. पण हजारों वस्तूंमधून एखादी नाहींशी झाली, तर यादी हातीं असल्याशिवाय तें कळत नाहीं. आणि पेशींतील जनुकांची यादी त्या वेळीं कोणाजवळ होती? जें आहे तें भिंगाखालीं दिसतें. जें नाहीं तें पाहण्यास तर्काचें भिंग लागतें.

वेसणीच्या बाजूनें पहिला प्रयोगसिद्ध पुरावा पुढें आला तो ऑक्सफर्ड येथील हेन्री हॅरिस यांच्याकडून. दोन वेगळ्या पेशी एकजीव करून त्यांची एक संकरित पेशी बनवण्याची कला त्यांना साधली होती. कर्करोगी पेशी व निरोगी पेशी यांचा असा संयोग केला तर संकरित पेशी कोणत्या वळणावर जाईल? रोग हा पराणीचा परिणाम असेल तर ती रोगीच निघावयास हवी. हॅरिस व स्टॉकहोम येथील गेऑर्ग क्लाइन प्रभृति त्यांच्या सहकाऱ्यांनीं १९६९ सालीं उंदरांवरील प्रयोगांचे जे निष्कर्ष प्रसिद्ध केले ते नेमके उलट होते. संकरित पेशींचा रोगीपणा दबून गेला होता. पुढें वाढतां वाढतां त्या पेशींनीं कांहीं गुणसूत्रें गमावलीं, कीं रोगीपणा पुन्हां डोकें वर काढी. निरोगी पेशीनें आपल्या सोबत्याला कांहीं तरी दिलें होतें, आणि रोगी पेशींत त्याचीच उणीव होती.

आतां आपण पुन्हां त्या मुलाच्या डोळ्याकडे वळूं. स्कॉटलंडमधील शस्त्रवैद्य जेम्स वॉर्ड्रॉप यांनीं १८०९ सालीं या रोगाचें पद्धतशीर वर्णन केलें, आणि मुलाचा जीव वांचवावयाचा तर रोगी डोळा वेळींच काढून टाकावा असें सुचविलें. भूल देण्याची विद्या तेव्हां अस्तित्वांत नव्हती, हें लक्षांत घेतलें म्हणजे या सूचनेंतील कठोरपणा व करुणा दोन्ही कळतात. पुढें शतकाच्या मध्यावर क्लोरोफॉर्म आला, डोळ्याच्या आंत डोकावण्याचें हेल्महोल्ट्झ यांचें उपकरण १८५१ सालीं आलें, आणि कांहीं मुलें खरोखरच वांचूं लागलीं. तीं मोठीं झालीं, त्यांचीं लग्नें झालीं, त्यांना मुलेंबाळें झालीं. आणि मग एक नवीनच दुःख उघडकीस आलें. ब्राझीलमधील नेत्रवैद्य हिलारिओ द गुव्हेआ यांनीं १८७२ सालीं एका मुलाचा असा डोळा काढला होता. तो मुलगा बरा झाला, संसाराला लागला, आणि त्याच्या दोन मुलींना तोच रोग झाला. उपचार सफल होऊं लागले म्हणूनच रोगाचें आनुवंशिक रूप माणसाला दिसलें, असा हा दैवाचा खेळ आहे.

तरी कोडें सुटत नव्हतें. कांहीं मुलांचा रोग घराण्यांतून येई, तर बहुतेकांच्या घराण्यांत त्याचा मागमूसहि नसे. कांहींचे दोन्ही डोळे जात आणि त्यांत अनेक गांठी असत. कांहींच्या एकाच डोळ्यांत एकच गांठ होई. दोन्ही डोळ्यांचा रोग बहुधा वयाच्या पहिल्या वर्षाच्या आसपास दिसे. एका डोळ्याचा त्याहून उशीरा, दोन वर्षांच्या सुमारास. हा एक रोग मानावा कीं दोन?

हें कोडें सोडवणारे आल्फ्रेड नुडसन हे मूळचे बालरोगतज्ज्ञ. ते अमेरिकेंतील ह्यूस्टन शहरीं एम. डी. अँडरसन रुग्णालयांत काम करीत होते. त्यांच्या शोधाला ना महागडें यंत्र लागलें, ना प्राण्यांवरील प्रयोग. रुग्णालयाच्या दप्तरांतील अठ्ठेचाळीस मुलांचीं टिपणें त्यांनीं पुढ्यांत घेतलीं. तेवीस मुलांचे दोन्ही डोळे रोगग्रस्त होते, पंचवीस मुलांचा एक. प्रत्येकाचा रोग कितव्या महिन्यांत ओळखला गेला हें त्यांनीं मांडलें आणि दोन गटांचे आलेख काढले.

त्या आलेखांचा अर्थ घरगुती भाषेंत सांगतों. एका दालनांत पुष्कळ समया तेवत आहेत आणि प्रत्येक समईंत एकच वात आहे, अशी कल्पना करा. वाऱ्याची झुळूक मधूनमधून येत आहे. अशा दालनांत दर घटकेला उरलेल्या समयांपैकीं ठराविक हिस्सा विझत जाईल, आणि हें पहिल्या घटकेपासूनच सुरू होईल. आतां शेजारचें दालन पहा. तेथें प्रत्येक समईंत दोन वाती आहेत. आरंभीं तेथें जवळजवळ एकहि समई विझणार नाहीं, कारण एक वात गेली तरी दुसरी तेवत असते. कांहीं काळ लोटल्यावर मात्र, पुष्कळ समया एका वातीवर आल्या म्हणजे, अंधार भराभर पसरूं लागेल. नुडसन यांच्या कागदावर दोन डोळ्यांच्या रोगाचा आलेख पहिल्या दालनासारखा होता, आणि एका डोळ्याच्या रोगाचा दुसऱ्या दालनासारखा.

यावरून त्यांनीं १९७१ सालीं जो सिद्धांत मांडला तो असा. रोग एकच आहे, आणि तो होण्यास दोन आघात लागतात. घराण्यांतून रोग आलेल्या मुलाला पहिला आघात जन्मतःच मिळालेला असतो. त्याच्या शरीरांतील प्रत्येक पेशींत एक वात आधींच विझलेली असते. दृष्टिपटलांत वाढणाऱ्या पेशी लाखोंनीं असतात. त्यांपैकीं कोठें ना कोठें दुसरी वात विझतेच. अशा मुलाला सरासरीनें तीन गांठी होतात असें त्यांचें गणित सांगत होतें. इतर मुलांत मात्र एकाच पेशीवर दोन्ही आघात पडावे लागतात. असा दुर्योग क्वचित् घडतो, उशीरा घडतो, आणि बहुधा एकाच डोळ्यांत एकदांच घडतो. अठ्ठेचाळीस दुर्दैवी मुलांच्या वयांवरून एका मनुष्यानें, न पाहिलेल्या जनुकाचें वर्तन सांगितलें. जगानें त्याकडे लगेच लक्ष दिलें नाहीं, हें सांगावयास नकोच.

दोन आघात म्हणजे एकाच जनुकाच्या दोन प्रतींचा नाश, हा अर्थ पुढें हळूहळू स्पष्ट झाला. या रोगाच्या कांहीं मुलांत तेराव्या गुणसूत्राचा एक तुकडा गळालेला असतो, असें सूक्ष्मदर्शकाखालीं आढळलें होतें. वेब्स्टर कॅव्हनी व त्यांचे सहकारी यांनीं १९८३ सालीं एकाच मुलाचें रक्त व त्याच्याच डोळ्यांतील गांठ यांची तुलना केली. रक्तांतील पेशींत तेरावें गुणसूत्र आईकडचें व बापाकडचें असें दोन्ही ओळखूं येत होतें. गांठींत मात्र त्याच्या ज्या भागांत संशयित जनुक होतें तेथें एकाच बाजूची खूण उरली होती. निरोगी प्रत गेली होती, बिघडलेली तेवढी राहिली होती. यादी नसतांना हरवलेली वस्तु ओळखण्याची युक्ति सांपडली ती अशी.

त्यानंतर तीन वर्षांनीं, १९८६ त, बोस्टन येथील नेत्रतज्ज्ञ थॅडियस ड्रायजा आणि रॉबर्ट वाइनबर्ग यांच्या प्रयोगशाळेंतील तरुण संशोधक स्टीफन फ्रेंड यांनीं तें जनुक प्रत्यक्ष हस्तगत केलें. रोगाच्या नांवावरून त्याला आरबी असें म्हणतात. मानवाला गवसलेलें हें पहिलें अर्बुदनिरोधक जनुक. अर्बुद म्हणजे गांठ. तिला रोधून धरणारें तें अर्बुदनिरोधक.

हें जनुक करतें तरी काय? त्याच्या आज्ञेवरून एक प्रथिन तयार होतें आणि तें पेशीच्या गाभ्यांत राहतें. विभागणीला लागणारीं जनुकें जागीं करणारे जे कामगार पेशींत असतात, त्यांना हें प्रथिन हात धरून बसवून ठेवतें. वाढीचा रीतसर हुकूम आला म्हणजे या प्रथिनावर फॉस्फेटचे कण चिकटवले जातात, त्याची पकड सुटते आणि विभागणी सुरू होते. काम झालें कीं ते कण निघतात व पकड पुन्हां घट्ट होते. म्हणजे ही वेसण बैलाला जागीं जखडून ठेवीत नाहीं, हुकुमाप्रमाणें चालू देते. पण दोन्ही प्रती गेल्या म्हणजे हुकूम असो वा नसो, पेशी धांवत सुटते.

वेसणीचा दुसरा प्रकार सांपडला तो एका मोठ्या चुकींतून. डेव्हिड लेन, आर्नोल्ड लेव्हीन इत्यादि निरनिराळ्या संशोधकांना १९७९ सालीं पी-५३ नांवाचें एक प्रथिन आढळलें. कर्करोगी पेशींत तें विपुल सांपडे, म्हणून तें रोगाचें साथीदार असावें असें दहा वर्षें समजलें जात होतें. संशोधकांनीं प्रयोगासाठीं ज्या प्रती घेतल्या होत्या त्याच मुळीं बिघडलेल्या होत्या, हें १९८९ सालीं उघड झालें. त्याच वर्षीं बर्ट व्होगेलस्टाइन यांच्या प्रयोगशाळेनें मोठ्या आंतड्याच्या कर्करोगांत पी-५३ चें जनुक नष्ट झालेलें असतें हें दाखवलें. ज्याला चोर म्हणून पकडलें तो घरचा राखणदार निघाला! पेशींतील आनुवंशिक लेखाला इजा झाली कीं पी-५३ चा सांठा वाढतो. तें विभागणी थांबवतें व दुरुस्तीला अवसर देतें. इजा दुरुस्त होण्यासारखी नसेल तर तें पेशीला मरणाची वाट दाखवतें. माणसाच्या जवळजवळ निम्म्या कर्करोगांत हा राखणदार बिघडलेला असतो. तंबाखूच्या धुरांतील बेंझोपायरीन हें द्रव्य या जनुकावर नेमकें कोठें चिकटतें तें १९९६ सालीं दाखवलें गेलें. फुप्फुसाच्या कर्करोगांत ज्या जागा वारंवार बिघडलेल्या आढळतात, त्या याच. हत्तीचें शरीर इतकें प्रचंड, पेशी इतक्या अगणित, तरी त्याला कर्करोग क्वचित् होतो. त्याच्याजवळ या जनुकाच्या सुमारें वीस जोड्या असतात, असें २०१५ सालीं प्रसिद्ध झालें. त्याच्या आरोग्याचें हें एक कारण असावें.

तिसरा प्रकार दुरुस्ती करणाऱ्यांचा. स्तनाच्या कर्करोगाची प्रवृत्ति कांहीं घराण्यांत एका जनुकावाटे उतरते, हें मेरी-क्लेअर किंग यांनीं अनेक वर्षांच्या चिकाटीनंतर १९९० सालीं सिद्ध केलें. बीआरसीए-१ हें तें जनुक १९९४ त हातीं आलें, आणि त्याचें भावंड बीआरसीए-२ पुढल्या वर्षीं. गुणसूत्राचा तुटलेला धागा नीट सांधणें हें या दोघांचें काम. आवरणारें, राखणारें व सांधणारें, असा हा तिहेरी बंदोबस्त आहे.

आतां या इतिहासाचा आपल्या महाराष्ट्राशीं आलेला एक संबंध सांगतों. स्त्रियांच्या गर्भाशयमुखाचा कर्करोग बहुतांशीं पॅपिलोमा नांवाच्या विषाणूमुळें होतो, हें हॅराल्ड त्सुर हाउझेन यांच्या संशोधनानें कळलें होतें. हा विषाणु करतो काय, तें १९८९ व १९९० या दोन वर्षांत उलगडलें. त्याचें एक प्रथिन आरबीला मिठी मारून निकामी करतें आणि दुसरें पी-५३ चा नाश घडवतें. जनुकें शाबूत असतांना त्यांचे हातपाय बांधून टाकणारा हा शत्रु आहे. त्याला पेशींत गांठ होण्यापूर्वींच ओळखतां येईल काय? टाटा स्मारक केंद्र आणि बार्शी येथील नर्गिस दत्त स्मारक रुग्णालय यांनीं, आज धाराशिव या नांवानें ओळखल्या जाणाऱ्या उस्मानाबाद जिल्ह्यांत, तीस ते एकुणसाठ वर्षे वयाच्या १,३१,७४६ स्त्रियांना सामावून घेणारी पाहणी आंतरराष्ट्रीय सहकार्यानें केली. तिचे निष्कर्ष २००९ सालीं प्रसिद्ध झाले. ज्या गटाची विषाणूसाठीं केवळ एकदां तपासणी झाली, त्यांत या रोगानें होणारे मृत्यु जवळजवळ निम्म्यावर आले. खेड्यापाड्यांतील त्या स्त्रियांनीं दाखवलेल्या विश्वासाचा लाभ आज साऱ्या जगाला होत आहे. या विषाणूवरील लस २००६ पासून मिळूं लागली, आणि पुण्यांत तयार झालेल्या भारतीय लशीला २०२२ सालीं परवानगी मिळाली. मुलगी वयांत येतां येतां ही लस टोंचून घेणें म्हणजे तिच्या पेशींतील दोन राखणदारांना दीर्घकाळचें संरक्षण देण्यासारखें आहे.

एवढें ज्ञान झालें, पण त्यानें रोग्याच्या घरीं काय फरक पडला, असें कोणी विचारील तर तो प्रश्न योग्यच आहे. गेलेलें जनुक पेशीला परत देण्याची विद्या अद्याप नित्य उपचारांत रुळलेली नाहीं. परंतु वेसणीचें काम कळल्यामुळें तिच्या बाजूनें हस्तक्षेप करणें शक्य झालें आहे. आरबीची पकड सैल करणाऱ्या विकरांना रोखणारें पहिलें औषध २०१५ सालीं अमेरिकेंत मान्य झालें, आणि अशीं औषधें स्तनाच्या कर्करोगावर आज वापरांत आहेत. आणि त्या डोळ्यांच्या रोगाचें काय? ज्या घरांत एका मुलाला हा रोग झाला, त्या घरांतील पुढच्या प्रत्येक भावंडाला पूर्वीं महिन्यामहिन्याला भूल देऊन डोळे तपासावे लागत, आणि आईबापांचा प्रत्येक महिना धास्तींत जाई. आज रोगी मुलाच्या रक्तांतील बिघाड ओळखतां आला तर भावंडाच्या रक्ताच्या थेंबावरून सांगतां येतें कीं यानें तो घेतला आहे कीं नाहीं. घेतला नसेल तर तें मूल त्या साऱ्या जाचांतून सुटतें. घेतला असेल तर गांठ मोहरीएवढी असतांनाच तिच्यावर इलाज करून डोळा व दृष्टि वांचवण्याचा प्रयत्न करतां येतो. शिवाय अशा मुलाच्या सर्वच पेशींत एक वात विझलेली असल्यानें त्याला पुढें हाडांचा किंवा अन्य कर्करोग होण्याचा संभव असतो, आणि किरणोपचारानें तो वाढतो. म्हणून डॉक्टर आतां तो उपचार शक्य तितका टाळतात. नुडसन यांच्या आलेखांचें हें फळ त्यांनीं स्वतः पाहिलें. ते २०१६ सालीं, त्र्याण्णव वर्षांचे होऊन, निवर्तले.

श्रोतेहो, आरोग्य ही सहज असणारी, आपोआप चालणारी स्थिति आहे, अशी आपली समजूत असते. या इतिहासानें ती बदलून टाकली. आपलें प्रत्येक निरोगी दिवस शरीरांत क्षणोक्षणीं चाललेल्या संयमाचें फळ आहे, आणि तो संयम राखणारे सेवक जोंपर्यंत हजर असतात तोंपर्यंत त्यांचें अस्तित्वहि आपल्याला जाणवत नाहीं. ते गैरहजर झाले तेव्हां, अठ्ठेचाळीस बालकांच्या डोळ्यांतून, त्यांची पहिली ओळख पटली. त्या बालकांचें ऋण फेडण्याचा एक मार्ग आपणां प्रत्येकाच्या हातीं आहे. ज्या देशांत रोग लवकर ओळखला जातो तेथें या मुलांपैकीं शेंकडा नव्वदांहून अधिक मुलें वांचतात. आपल्याकडे पुष्कळ मुलें उशीरा पोंचतात, आणि उशीर हाच त्यांचा खरा शत्रु ठरतो. म्हणून सायंकाळच्या दिव्यांत, किंवा एखाद्या छायाचित्रांत, तान्ह्या मुलाच्या बाहुलींत पांढरी झांक दिसली, तर उजेडाचा भास म्हणून ती सोडून देऊं नका. दुसऱ्याच दिवशीं नेत्रवैद्याकडे जा. शंका खोटी ठरली तर एक फेरी फुकट जाईल. खरी ठरली तर एक जीव वांचेल. आईला आलेली शंका घरांतल्यांनीं हंसण्यावारी नेऊं नये, एवढीच या इतिहासाची आपणांकडून अपेक्षा आहे.